कच्चे लायसन्स : किशोरवयीन वाहनचालक आणि भारतीय मोटार वाहन कायदा

प्रास्ताविक

महाराष्ट्रातील बहुतेक वरिष्ठ महाविद्यालयांना कनिष्ठ महाविद्यालय जोडलेले असते. त्यामुळे अकरावी-बारावीत शिकणारी सोळा ते अठरा वयोगटातील मुले-मुली आपल्याच आवारात, आपल्याच वाहनतळावर दुचाकी उभ्या करतात. त्यांपैकी अनेकांच्या खिशात शिकाऊ अनुज्ञप्ती, म्हणजे लोकांच्या बोलीतील 'कच्चे लायसन्स' असते. ते दाखवले की आपणही समाधान पावतो. मात्र खिशातील अनुज्ञप्ती आणि तळावरील वाहन यांचा कायद्याने मेळ बसतो काय, हा प्रश्न आपण सहसा विचारत नाही. तो मेळ का बसत नाही, याचा इतिहास सुमारे शंभर वर्षांचा आहे. प्रस्तुत लेखात त्याचा मागोवा घेण्याचा प्रयत्न केला आहे.

सतरा की अठरा

मोटारगाडी चालविण्याच्या वयाचा विचार प्रथम इंग्लंडमध्ये झाला. तेथील १९०३च्या मोटार कार कायद्याने गाडीसाठी सतरा आणि मोटारसायकलसाठी चौदा वर्षे ही किमान वयोमर्यादा ठरविली. परीक्षा कसलीच नव्हती. पाच शिलिंग भरले की परवाना मिळे. पुढे १९३०च्या कायद्याने मोटारसायकलचे वय सोळावर नेले, १९३४च्या कायद्याने चालकाची परीक्षा आणली आणि १९३५पासून शिकाऊ चालकाच्या गाडीवर लाल 'एल' झळकू लागला.

हिंदुस्थानात मोटारगाड्या आल्या त्या प्रथम मुंबई-कलकत्त्यासारख्या शहरांत. मुंबई इलाख्याने १९०४ साली स्वतःचा मोटार कायदा केला. अखिल भारतीय कायदा मात्र १९१४ साली झाला आणि त्यात सार्वजनिक ठिकाणी वाहन चालविण्यासाठी अठरा वर्षांची अट घालण्यात आली. येथे एक भेद लक्षात घेण्याजोगा आहे. इंग्लंडमध्ये त्या काळी माणूस सज्ञान होई तो एकविसाव्या वर्षी, म्हणजे गाडी चालविण्याचे वय सज्ञानतेच्या चार वर्षे अलीकडे होते. आपल्याकडे १८७५च्या सज्ञानता अधिनियमाने सर्वसाधारणपणे अठरा हे वय निश्चित केले होते आणि मोटार कायद्याचे वयही तेच राहिले. हे हेतुपुरस्सर झाले की ओघात, हे सांगण्याचा आग्रह मी धरणार नाही. परंतु परिणाम दूरगामी झाला. इंग्लंडमध्ये वाहन चालविणे हे कौशल्य मानले गेले आणि ते वाढत्या वयात टप्प्याटप्प्याने शिकायचे असते, असे गृहीत धरले गेले. आपल्या कायद्यात ते सज्ञान नागरिकाचा हक्क म्हणून आले. शिकण्याच्या वयाला त्यात स्वतंत्र जागा उरली नाही.

१९३९च्या मोटार वाहन अधिनियमानेही अठरा वर्षांची अट ठेवली. मालवाहू व प्रवासी वाहतुकीच्या गाड्यांसाठी ती वीस केली. त्यातील तिसरे कलम शिकाऊ चालकाच्या दृष्टीने महत्त्वाचे आहे. अनुज्ञप्तीशिवाय कोणी वाहन चालवू नये, असे सांगून लगेच पुढच्या पोटकलमात, वाहन शिकणाऱ्यास ही अट कोणत्या शर्तींवर लागू राहणार नाही हे राज्य सरकारांनी ठरवावे, अशी मुभा दिली आहे. म्हणजे शिकणारा हा मुळात एक अपवाद होता. १९८८च्या अधिनियमाने, जो १ जुलै १९८९पासून अंमलात आला, शिकाऊ अनुज्ञप्तीला व्याख्या दिली, तिच्यासाठी आठवे कलम राखले आणि शर्ती ठरविण्याचा अधिकार राज्यांकडून केंद्राकडे नेला. १९८९च्या केंद्रीय नियमांत त्या शर्ती बारीकसारीक तपशिलांसह आहेत. अठरा सेंटिमीटर चौरस पांढऱ्या पाटीवर दहा सेंटिमीटर उंचीचे लाल अक्षर असावे, अक्षराची जाडी दोन सेंटिमीटर असावी, इथपर्यंत नियमकर्त्यांनी काळजी घेतली. दुचाकी शिकणाऱ्याने मागे प्रशिक्षकाखेरीज कोणालाही बसवू नये, असेही त्यात आहे. या शर्तीचे पालन करणारा शिकाऊ विद्यार्थी ज्याने पाहिला असेल त्याने अवश्य कळवावे.

कच्चे लायसन्स सहा महिने चालते. ते मिळाल्यावर किमान तीस दिवस झाल्याखेरीज पक्क्यासाठी परीक्षा देता येत नाही.

गिअर आणि सी.सी.

१९८८च्या अधिनियमाच्या चौथ्या कलमात अठरा वर्षांची अट घालून त्याला एक परंतुक जोडलेले आहे. मूळ शब्दांनुसार 'गिअर नसलेली मोटारसायकल' सोळा वर्षे पूर्ण झालेल्या व्यक्तीस सार्वजनिक ठिकाणी चालविता येत होती. सातव्या कलमानुसार अशा अर्जावर मुलाचा सांभाळ करणाऱ्या व्यक्तीची सही आवश्यक होती. हे शब्द वाचताना कायदा करणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर कोणते वाहन असावे, याचा अंदाज बांधणे महाराष्ट्रातील वाचकास कठीण नाही. पुण्याच्या किनेटिक इंजिनिअरिंगने १९७२ साली इटलीच्या पियाजिओ कंपनीच्या रचनेवर आधारलेली पन्नास सी.सी.ची लुना बाजारात आणली. तिला पेडल होते. इंजिन रुसले तर सायकलसारखी दामटत घरी नेता येई. शिक्षक, तलाठी, दूधवाले, पोस्टमन अशा सर्वांनी ती वापरली आणि त्यांच्याच घरातील मुले त्याच लुनावर गाडी शिकली.

परंतु 'गिअर नसलेली' या शब्दांत लुनाबरोबर आणखीही वाहने मावत होती. १९८४ साली आलेली किनेटिक होंडा अठ्ठ्याण्णव सी.सी.ची होती, तिला हाताने बदलायचे गिअर नव्हते. १९९०ची बजाज सनी आणि त्यानंतरची टीव्हीएस स्कूटी साठ सी.सी.च्या आसपासच्या. सोळा वर्षांच्या मुलास लुना चालविता यावी म्हणून उघडलेल्या दारातून तिच्या जवळजवळ दुप्पट क्षमतेची गाडीही कायदेशीरपणे आत येत होती.

१९९४च्या सुधारणेने हे शब्द बदलले. 'गिअर नसलेली' ऐवजी 'पन्नास सी.सी.पेक्षा अधिक क्षमता नसलेले इंजिन असलेली मोटारसायकल' असे झाले. ही सुधारणा १४ नोव्हेंबर १९९४ रोजी, म्हणजे योगायोगाने बालदिनी, अंमलात आली. आदल्या दिवशी किनेटिक होंडा कायदेशीरपणे चालविणारा सोळा वर्षांचा मुलगा त्या सकाळी अपराधी ठरला. मात्र अनुज्ञप्तीचे वर्ग सांगणाऱ्या दहाव्या कलमात 'गिअर नसलेली मोटारसायकल' हा वर्ग तसाच राहिला. वयाची अट इंजिनाच्या क्षमतेवर आणि अनुज्ञप्तीचा वर्ग गिअरवर, अशी दोन मापे एकाच कायद्यात नांदू लागली. आज पालक 'विनागिअरचे लायसन्स आहे ना' असे म्हणून निश्चिंत होतात, त्या गैरसमजाचे मूळ माझ्या मते येथे आहे.

त्या सुमारास मी स्वतः या वयाचा होतो. तालुक्याच्या गावी मोटार वाहन निरीक्षकांचे शिबीर महिन्यातून एकदा भरे. वडिलांनी शाळेतून अर्धा दिवस रजा काढून अर्जावर सही केली. मला चार चिन्हे विचारण्यात आली; एकाचे उत्तर चुकले, तरी लायसन्स मिळाले. वाहन कोणते चालवणार, हे कोणीही विचारले नाही, आणि सही करणाऱ्या वडिलांनाही ते विचारावेसे वाटले नाही.

पुढे जे घडले ते कायद्याने नव्हे, बाजाराने घडविले. प्रदूषणाचे निकष कडक होत गेले, छोटी टू-स्ट्रोक इंजिने मागे पडली आणि शतक पालटताना लुनाचे युग संपले. तिची जागा शंभर सी.सी.च्या आसपासच्या, बिनगिअरच्या, सहज सुरू होणाऱ्या स्कूटरनी घेतली. परंतुक मात्र जागच्या जागीच राहिले. सोळाव्या वर्षी मिळणारे लायसन्स ज्या वाहनासाठी आहे ते वाहन दुकानात नाही, आणि दुकानात जे आहे त्यासाठी ते लायसन्स नाही. तरीही दरवर्षी अर्ज येतात आणि अनुज्ञप्त्या दिल्या जातात.

हा सगळा दोष मुलांच्या उनाडपणावर ढकलणे मला न्याय्य वाटत नाही. एस.टी.ची वेळ आणि महाविद्यालयाची वेळ जुळत नाही, अशा गावांतून येणाऱ्या मुलींचे शिक्षण दुचाकीमुळे टिकले आहे, हे आपल्यापैकी प्रत्येकाने वर्गात पाहिले आहे. मर्यादित वेगाचे, मर्यादित क्षमतेचे वाहन सोळाव्या वर्षी शिकता यावे, ही १९८८ची कल्पना चुकीची नव्हती. ती यंत्राच्या एका मापाला बांधली गेली आणि ते यंत्रच नाहीसे झाले.

पालकाची सही

वाहनमालकाने अल्पवयीनास किंवा विनापरवाना व्यक्तीस वाहन चालवू देऊ नये, हे १९३९च्या कायद्यातही होते आणि १९८८च्या कायद्यातही पाचव्या कलमात आहे. शिक्षा मात्र नाममात्र होती. २०१९च्या सुधारणेने १९९-अ हे कलम घातले आणि १ सप्टेंबर २०१९पासून चित्र पालटले. अल्पवयीनाने अपराध केल्यास पालक किंवा वाहनमालक दोषी मानला जाईल. त्याला तीन वर्षांपर्यंत कैद व पंचवीस हजार रुपये दंड होईल. वाहनाची नोंदणी बारा महिन्यांसाठी रद्द होईल. आणि त्या मुलास पंचविसाव्या वर्षापर्यंत अनुज्ञप्ती मिळणार नाही. आपल्याला ठाऊक नव्हते किंवा आपण पुरेशी काळजी घेतली होती, हे सिद्ध करण्याची जबाबदारी पालकावर आहे.

याच कलमात एक अपवाद आहे. मुलाजवळ शिकाऊ वा पक्की अनुज्ञप्ती असेल आणि ज्या वाहनासाठी ती दिली आहे तेच वाहन तो चालवीत असेल, तर पालकावर हे गृहीतक लागू होत नाही. कच्चे लायसन्स अशा रीतीने पालकाची ढाल बनले. पण ती ढाल पन्नास सी.सी.पुरतीच आहे. शंभर सी.सी.च्या स्कूटरवर निघालेल्या मुलाच्या खिशातील तोच कागद वडिलांच्या काहीच उपयोगाचा नाही.

१९ मे २०२४ रोजी पुण्यात कल्याणीनगर येथे सतरा वर्षांच्या मुलाच्या हातातील मोटारीने दुचाकीवरील दोन तरुण अभियंत्यांचा बळी घेतला. जामिनासाठी घातलेल्या तीनशे शब्दांच्या निबंधाच्या अटीवरून देशभर संताप उसळला. ते प्रकरण आलिशान मोटारीचे होते, म्हणून आपण ते श्रीमंतांचे म्हणून बाजूला ठेवले. आपल्या वाहनतळावरील स्कूटर आणि ती मोटार यांत जीवघेणेपणाचे अंतर मोठे आहे, हे खरे. तथापि वयाच्या कलमापुढे दोन्ही वाहने एकाच रांगेत उभी राहतात.

२०२१पासून महाराष्ट्रात शिकाऊ अनुज्ञप्तीची परीक्षा घरबसल्या संगणकावर देता येऊ लागली. निरीक्षकाच्या टेबलासमोरची ती चार चिन्हे त्यामुळे गेली. फेब्रुवारी २०२४ मध्ये लुना पुन्हा आली, पण विजेवर चालणारी. तिला सी.सी. नाही. १९९४च्या परंतुकातील मापपट्टी तिला लावताच येत नाही.