कोपऱ्यातली आद्याक्षरं

ट्रेसिंग क्लॉथ गरम पाण्यात भिजत घातलं की त्यावरची खळ सुटते आणि हातात तलम, पांढरंशुभ्र सुती कापड येतं. मुंबईतल्या ड्राफ्ट्समन लोकांच्या घरातल्या बायकांना हे पक्कं ठाऊक होतं. दुसऱ्या महायुद्धात कापड मिळेनासं झालं, तेव्हा आमच्या आजीने कचेरीतून रद्द म्हणून घरी आलेले नकाशे असेच धुतले आणि माझ्या वडिलांना अंगडी-टोपडी शिवली. "तुझ्या बाबाने लहानपणी माटुंग्याच्या एका घराचा अख्खा जिना अंगावर घातलाय, बाय," असं ती मला सांगायची. कपड्यांची निकड होती, ती भागली. त्या घराचा नकाशा मात्र गेला. आज ते घरही नाही.

आजोबा रत्नागिरीकडच्या खेड्यातून व्हर्नाक्युलर फायनल होऊन मुंबईला आले आणि फोर्टातल्या एका आर्किटेक्टच्या कचेरीत ट्रेसर म्हणून लागले. साहेब पेन्सिलीने कल्पना मांडायचे, ड्राफ्ट्समन मापं घालून ती पक्की करायचा आणि ट्रेसर ती शाईने कापडावर उतरवायचा. कापडाची एक बाजू चकचकीत, दुसरी मंद. आजोबांच्या कचेरीत शाई मंद बाजूवर चालायची, आधी खडूची भुकटी चोळून तेलकटपणा काढायचा, मग रुलिंग पेन. एप्रिल-मेमध्ये कपाळावरचा घामाचा एक थेंब पडला तरी खळ विरघळून डाग पडे आणि दोन दिवसांचं काम वाया जाई. म्हणून मनगटाखाली कायम हातरुमाल. आजोबा शेवटपर्यंत किराण्याची यादीसुद्धा मनगटाखाली रुमाल घेऊनच लिहीत.

ब्लू प्रिंट काढायचं काम गच्चीवर चाले. लोखंडाच्या क्षारांचा लेप दिलेला कागद, त्यावर ट्रेसिंग, वर काच, आणि ती चौकट उन्हाला लावायची. मग कागद पाण्यात धुतला की निळ्यावर पांढऱ्या रेषा उमटत. जॉन हर्शेल या इंग्रज शास्त्रज्ञाने 1842 मध्ये शोधलेली ही रीत. मोठ्या कचेऱ्यांमध्ये विजेच्या दिव्यांची यंत्रं आली होती. आजोबांच्या छोट्या कचेरीत पावसाळ्यात शिपाई ढगांकडे डोळे लावून बसे आणि ऊन पडलं की सगळे चौकट उचलायला धावत. बिल्डर खाली खोळंबलेला असे. मुंबईच्या कितीतरी इमारती अशा श्रावणातल्या उन्हाच्या तिरिपीवर पुढे सरकल्या असतील, असं मला ते ऐकताना वाटायचं.

आजोबांची सगळ्यात लाडकी गोष्ट टाउन हॉलची. नोव्हेंबर 1937 मध्ये इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ आर्किटेक्ट्सने तिथे 'आयडियल होम' नावाचं प्रदर्शन भरवलं होतं. आजोबा तेव्हा बाविशीचे. तीस पायऱ्या चढून ते आत गेले, ते बहुधा आयुष्यात पहिल्यांदाच. एरवी ती इमारत साहेबलोकांची. आत सजवलेल्या खोल्या, दिवे, फरशा, नळ, आरामखुर्च्या. "लाखभर माणूस लोटला होता," असं ते म्हणत, आणि म्हाताऱ्या माणसाची अतिशयोक्ती म्हणून घरात सगळे हसून सोडून देत. पुढे मुंबईच्या गृहसजावटीवरचं संशोधन वाचताना मला तोच आकडा भेटला: बारा दिवसांत सुमारे एक लाख लोक. 1931 च्या जनगणनेत सबंध शहराची वस्ती साडेअकरा लाखांच्या आसपास होती. म्हणजे आमच्या आजोबांसारखे कितीतरी चाळकरी, ज्यांना तसं घर कधी मिळणार नव्हतं, ते ते घर बघायला गेले होते.

त्या प्रदर्शनाची हस्तपत्रकं, तिकिटं, दुकानदारांनी वाटलेली माहितीपत्रकं यांतलं आमच्या घरी काहीच उरलं नाही. असा कागद वाचला तर ग्रंथालयातच वाचतो, आणि तिथेही त्याच्यावर संकटं येतात. इन्स्टिट्यूटचं स्वतःचं नियतकालिक 1934 पासून निघतं. जुन्या नियतकालिकांचे खंड बांधताना जाहिरातींची पानं काढून टाकायची रीत अनेक ठिकाणी होती. लेख तेवढे मोलाचे, जाहिराती म्हणजे रद्दी, असा हिशोब. मला तो साफ चुकीचा वाटतो. सिमेंट, लिफ्ट, मोझाइक फरशी, चिनी मातीची भांडी कोण विकत होतं आणि कोणत्या शब्दांत विकत होतं, हे त्या पानांवरच कळतं. 1922 मध्ये स्वदेशीच्या प्रेरणेने सुरू झालेल्या भारत टाइल्सच्या नक्षीदार फरशीवर माझ्यासारख्या हजारो मुली रांगल्या. त्या फरशीचा इतिहास लेखापेक्षा जाहिरातीत जास्त सापडेल.

ज्या टाउन हॉलमध्ये ते प्रदर्शन भरलं, ती इमारत 1833 मध्ये पूर्ण झालेली, कर्नल थॉमस काउपर यांच्या आराखड्याची. तिथेच एशियाटिक सोसायटीचं ग्रंथालय आहे. 1954 च्या कायद्याने देशात प्रकाशित झालेल्या पुस्तकाची प्रत ज्या मोजक्या ग्रंथालयांकडे पोचावी लागते, त्यांतलं एक याच वास्तूत आहे. हाताने काढलेल्या नकाशाला मात्र असं कोणतंही संरक्षण नाही. तो कोणीतरी आपणहून नेऊन द्यावा लागतो.

जपलं की काय होतं, याचीही उदाहरणं आहेत. जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये आर्किटेक्ट क्लॉड बॅटली शिकवत, तेव्हा विद्यार्थी टेप घेऊन जुनी देवळं, मशिदी, वाडे मोजत आणि रेखाटत. त्या मोजणीच्या रेखाटनांतून बॅटलींचा भारतीय वास्तुकलेवरचा चित्रसंग्रह 1934 मध्ये निघाला. आणि गजानन बाबूराव म्हात्रे! ओव्हल मैदानासमोरचं एम्प्रेस कोर्ट आणि मरीन ड्राइव्हवरचं सूना महाल त्यांचं. आजोबांच्या पिढीच्या मराठी ड्राफ्ट्समनना 'म्हात्रेसाहेब' हे नाव घेताना वेगळाच अभिमान असे. तरी 1973 मध्ये ते गेले तेव्हा शहर त्यांना जवळजवळ विसरलं होतं. कमू अय्यर यांनी संपादित केलेलं पुस्तक 2000 मध्ये आलं आणि त्यांच्या इमारती पुन्हा नावानिशी ओळखल्या जाऊ लागल्या. 2018 मध्ये ओव्हल आणि मरीन ड्राइव्हचा परिसर जागतिक वारसा झाला, त्या वेळी हे काम आधीच हाताशी होतं.

आर्किटेक्टचं नाव असं कधीतरी परत मिळतं. ट्रेसरचं नाव कुठेच नसतं. नकाशाच्या उजव्या कोपऱ्यात खाली एक चौकट असते: कोणी काढला, कोणी ट्रेस केला, कोणी तपासला. तिथे फक्त आद्याक्षरं. एका ग्रंथालयात अनोळखी कचेरीचा जुना ट्रेसिंग क्लॉथ माझ्यासमोर उलगडला, तेव्हा जिन्यापेक्षा, सज्ज्यापेक्षा माझी नजर आधी त्या चौकटीकडे गेली. दोन मराठी वाटावीत अशी अक्षरं होती. आमच्या आजोबांची नव्हती. कोणाच्या तरी आजोबांची होती. ज्या माणसाने त्या घराची प्रत्येक पायरी घाम आवरून काढली, त्याच्या हाताचा एवढाच पुरावा. हा पुरावा इमारतीचा फोटो कधीच देणार नाही.

आता घाई आहे. 1920 च्या दशकात बांधलेल्या 207 बीडीडी चाळींपैकी बहुतेक पाडून तिथे टॉवर उभे राहताहेत. सुमारे 160 चौरस फुटांच्या खोलीत तीन पिढ्या काढलेल्यांना मोठं घर मिळतंय, हे चांगलंच आहे, त्याबद्दल हळहळ करणाऱ्यांपैकी मी नाही. दादर, माटुंगा, पार्ले, पुण्याची डेक्कन, सगळीकडे पुनर्विकास चालू आहे. पण सामान हलवताना माळ्यावरचं नकाशाचं नळकांडं, जुनी मंजुरीची फाइल, फरशीवाल्याचं पत्रक सगळ्यात आधी रद्दीत जातं.

ते देऊ नका. नकाशाला नवी घडी घालू नका, सैल गुंडाळून सुती कापडात ठेवा. निळे प्रिंट उन्हात टाकू नका, रंग उडतो. मागच्या बाजूला पेन्सिलीने इमारतीचा पत्ता, वर्ष आणि तो तुमच्याकडे कसा आला हे लिहा. घरात कोणी ट्रेसर, ड्राफ्ट्समन, ओव्हरसीअर असेल तर त्याचं पूर्ण नावही लिहा. लॅमिनेशन मुळीच करू नका. आणि मग जवळच्या आर्किटेक्चर कॉलेजच्या ग्रंथपालांना भेटा.