तगर, तोफ आणि खजिन्याचा सिनेमा

खजिन्याच्या शोधावरचा कुठलाही सिनेमा घ्या, पहिल्या अर्ध्या तासात एक जुना कागद येतोच. कधी नकाशा, कधी कोड्यातला श्लोक, कधी मेलेल्या म्हाताऱ्याची डायरी. मग विमानं, उंट, साप, दगडी दरवाजे. ही सगळी मांडणी 1981 साली इंडियाना जोन्सच्या पहिल्या चित्रपटाने, म्हणजे ‘रेडर्स ऑफ द लॉस्ट आर्क’ने जन्माला घातली, असा अनेकांचा समज असतो. तिचं कूळ शंभर वर्षं तरी मागे जातं, आणि ते शोधत निघालं तर धाराशिव जिल्ह्यात बराच मुक्काम करावा लागतो.

आधी कागद. इसवी सनाच्या पहिल्या शतकात ग्रीक भाषेत लिहिलेलं ‘पेरिप्लस’ हे व्यापारी प्रवासवर्णन सांगतं की, पैठणहून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर तगर नावाचं मोठं नगर आहे आणि तिथलं कापड गाड्यांत भरून भडोचच्या बंदरात येतं. टॉलेमीलाही हे नगर ठाऊक होतं. नगर मात्र कुठे गेलं ते कोणालाच सांगता येईना. अठराव्या-एकोणिसाव्या शतकातल्या विद्वानांनी या एका ओळीवर काय काय मांडलं! विल्फर्ड म्हणाला देवगिरी. भगवानलाल इंद्रजींनी जुन्नर सुचवलं. रा. गो. भांडारकरांचा कौल धारूरला होता. जॉन फेथफुल फ्लीट आधी कोल्हापूरच्या बाजूने होता, पण 1901 साली त्याने निबंध लिहून तगर म्हणजे निजामाच्या मुलखातलं, आजच्या धाराशिव जिल्ह्यातलं तेर, असं मांडलं, आणि तेच पुढे मान्य झालं. तोवर मराठी माणसाला तेर ठाऊक होतं ते गोरोबाकाकांचं गाव म्हणून. हरवलेलं नगर गोरा कुंभाराच्या समाधीच्या आसपासच, पांढरीच्या टेकाडांत पडून होतं.

फ्लीटने यासाठी जंगल तुडवलं नाही. ग्रंथ, शिलालेख आणि अंतरांची आकडेमोड एवढ्यावर त्याचं काम भागलं. पण हरवलेली नगरं, जुने ग्रंथ आणि नकाशे यांचं हे वेड त्या काळात विद्वानांपुरतं उरलं नव्हतं. लंडनच्या कादंबरीकारांनी त्यातला कागद उचलला आणि आकडेमोड सोडून दिली. स्टीव्हन्सनची ‘ट्रेझर आयलंड’ 1883 ची, रायडर हॅगार्डची ‘किंग सॉलोमन्स माइन्स’ 1885 ची. हॅगार्डचा नायक आफ्रिकेच्या अंतर्भागात शिरतो, जुन्या नकाशावरून डोंगर ओलांडतो आणि हिरे घेऊन घरी येतो. सिनेमाने ही कादंबरी 1937 मध्ये घेतली, 1950 मध्ये पुन्हा घेतली. चार्ल्टन हेस्टनचा ‘सिक्रेट ऑफ द इन्काज’ 1954 चा. त्यातलं चामड्याचं जाकीट आणि हॅट पाहिली की इंडियाना जोन्सचे कपडे कुठून आले ते वेगळं सांगावं लागत नाही.

ही झाली बापाकडची बाजू. आईकडची बाजू लुटीची आहे. विल्की कॉलिन्सच्या 1868 च्या ‘मूनस्टोन’ कादंबरीत हिरा इंग्लंडमधल्या वाड्यातून चोरीला जातो आणि सगळे चोराच्या मागे लागतात. पण तो हिरा तिथे आला कसा, तर 1799 च्या श्रीरंगपट्टणच्या लुटीत एका गोऱ्या अधिकाऱ्याने खून करून लांबवला म्हणून. म्हणजे चोरीच्या मालाची चोरी. कॉलिन्सने हे पहिल्याच पानांत सांगून टाकलं. पुढच्या सिनेमांनी नेमकं हेच प्रकरण गाळलं. शोध उरला आणि लुटीची हकिगत गेली.

ती हकिगत किती रंजक असते ते धाराशिव जिल्ह्यातल्याच परंड्याला कळतं. 1549 साली अहमदनगरला मुहम्मद बिन हसन रूमी याने निजामशाहीसाठी एक पंचधातूची तोफ ओतली. लांबी साधारण 14 फूट, वजन 55 टनांच्या घरात, आणि तोंड असं की सिंहासारखा प्राणी जबड्यात हत्ती चिरडतो आहे. हीच मलिक-ए-मैदान, आपली मुलूखमैदान. तालिकोटच्या लढाईत तिच्यातून तांब्याचे पैसे भरून डागले, अशी आख्यायिका आहे. परंड्याच्या भुईकोटावर ती होती. किल्ला आदिलशाहीकडे गेला आणि 1632 मध्ये विजयाची खूण म्हणून तोफ विजापूरला नेली गेली. सांगतात की दहा हत्ती, चारशे बैल आणि शेकडो माणसं ओढायला लागली. तिच्याबरोबरची कडकबिजली नावाची तोफ वाटेत नदीत बुडाली, असंही सांगतात. पुढे औरंगजेबाने विजापूर घेतलं तेव्हा त्याने तोफ हलवली नाही, तिच्यावर स्वतःच्या विजयाचा लेख कोरून घेतला. हलवण्यापेक्षा हे सोपं, हे त्यालाही उमगलं असावं. इंग्रजांनी 1854 मध्ये ती लिलावात काढली. बोली आली दीडशे रुपये. विक्री नंतर रद्द झाली म्हणून ती आजही विजापूरच्या बुरुजावर आहे.

एवढा ऐवज असताना नदीतल्या कडकबिजलीवर अजून कोणी सिनेमा काढलेला नाही, याचं नवल वाटतं.

हॉलिवूडला भारत हवा होता तो वेगळ्या कामासाठी. 1984 च्या ‘इंडियाना जोन्स अँड द टेंपल ऑफ डूम’मध्ये एका गरीब भारतीय गावातला पवित्र शंकर-पाषाण पळवला जातो आणि अमेरिकन प्राध्यापक तो परत आणून देतो. भारत सरकारने संहितेत बदल सुचवले, निर्मात्यांना ते पटले नाहीत आणि चित्रण श्रीलंकेत झालं. मोला राम झालेले अमरीश पुरी मात्र जगाच्या लक्षात राहिले. या चित्रपटाची टिंगल बरीच होते, ती रास्तही आहे. तरी वस्तू जिथून गेली तिथे ती परतताना दाखवणारे या जातीतले चित्रपट हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच आहेत, हेही मान्य करायला हवं.

आपल्याकडे या कथेला खरा देशी सूर लावला सत्यजित राय यांनी. ‘सोनार केल्ला’ (1974) मध्ये पूर्वजन्म आठवणाऱ्या मुलाच्या बोलण्यावरून भामटे खजिन्याच्या आशेने जैसलमेरपर्यंत पोचतात. ‘जय बाबा फेलुनाथ’ (1979) मध्ये काशीतल्या एका घरातली गणेशमूर्ती गायब होते आणि संशयाची सुई मूर्तींचा व्यापार करणाऱ्या मगनलाल मेघराजकडे वळते. 1972 चा पुरावस्तू कायदा तेव्हा ताजा होता. मूर्तिचोर हा खलनायक प्रेक्षकाला वर्तमानपत्रातून ओळखीचा झाला होता. मराठी मातीतला ‘तुंबाड’ 2018 ला आला. नारायण धारपांच्या कथेची प्रेरणा आणि श्री. ना. पेंडशांच्या कादंबरीवरून घेतलेलं नाव असलेल्या या हिंदी चित्रपटात खजिना शोधायचा प्रश्नच नसतो, तो वाड्याच्या पोटात आहे हे माहीत असतं. हाव किती ठेवायची एवढाच प्रश्न असतो. प्रकाश कोयाडे यांच्या ‘प्रतिपश्चंद्र’वरून 2025 मध्ये आलेल्या ‘द सिक्रेट ऑफ द शिलेदार्स’ या मालिकेने मात्र पुन्हा कोड्यांची जुनी वाट धरली. त्यात धावपळ खूप आहे, तुंबाडसारखी भीती नाही.

कोड्यांची हौस असेल त्याने तेरच्या संग्रहालयात जावं. गावातल्या रामलिंगप्पा लामतुरे यांनी पांढरीतून निघणाऱ्या वस्तू, मणी, मृण्मय बाहुल्या, नाणी, हस्तिदंताचे तुकडे वर्षानुवर्षं जमवले आणि पुढे ते शासनाच्या हवाली केले. संग्रहालयाला त्यांचंच नाव आहे. त्यातली हस्तिदंती स्त्रीमूर्ती लहानशीच आहे. 1938 साली इटलीत पॉम्पेईच्या उत्खननात अमेदेओ माइउरी यांना साधारण 25 सेंटिमीटर उंचीची एक हस्तिदंती स्त्री सापडली होती. तिला लोकांनी लक्ष्मी म्हटलं. आता ती यक्षी असावी असं मानतात. व्हेसुव्हियसच्या उद्रेकात, इसवी सन 79 मध्ये, ती गाडली गेली, म्हणजे त्याआधी ती समुद्र ओलांडून गेलेली होती. तिची शैली आणि तेर, भोकरदनला सापडलेल्या मूर्तींची शैली इतकी जवळची आहे की ती याच भागात घडली असावी, असं काही अभ्यासक मानतात. इथे लूट नाही, चोरी नाही, शापही नाही. कोणीतरी घडवली, कोणीतरी विकत घेतली. पटकथाकाराला असल्या प्रामाणिक व्यवहाराचं काय करावं ते कळत नसावं.

तुळजापूरला मात्र पटकथेला लागणारं सगळं आहे. भवानीआईने शिवरायांना तलवार दिली, ही श्रद्धा तिथे नवरात्रातल्या भवानी तलवार अलंकार महापूजेत दरवर्षी मांडली जाते. खरी तलवार कुठे, यावर दीडशे वर्षं वाद चालू आहेत. 1875-76 च्या दौऱ्यात प्रिन्स ऑफ वेल्सला कोल्हापूरहून भेट मिळालेली जगदंबा तलवार ब्रिटिश राजघराण्याच्या संग्रहात आहे, आणि तीच भवानी असं काहीजण धरून चालतात. बॅरिस्टर अंतुले मुख्यमंत्री असताना भवानी तलवार लंडनहून आणण्याची घोषणा झाली. तलवार आली नाही. 2024 च्या जुलैमध्ये व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयातली वाघनखं साताऱ्यात आली, तीही तीन वर्षांच्या उसनवारीवर, आणि ती महाराजांचीच याची खात्री खुद्द त्या संग्रहालयाने दिलेली नाही. 2025 मध्ये नागपूरच्या पहिल्या रघुजी भोसल्यांची तलवार राज्य सरकारने लंडनच्या लिलावात 47 लाख 15 हजारांना घेतली. यात इंडियाना जोन्सचं काही काम नव्हतं. होती ती बोली, परवानगी आणि विमा.

लंडनकडे डोळे लागलेले असताना देवीच्या घरातच हिशेब जुळेना. 2020 मध्ये 71 जुनी नाणी आणि काही दागिने गहाळ झाल्याचा गुन्हा तुळजापूर पोलिसांत दाखल झाला. दागिन्यांची नव्याने मोजदाद झाल्यावर डिसेंबर 2023 मध्ये पुरातन मुकुटासह आणखी अलंकार जागेवर नसल्यावरून दुसरा गुन्हा नोंदवला गेला. या तपासाला नकाशा नव्हता. वेगवेगळ्या काळातल्या नोंदवह्या समोरासमोर ठेवायच्या, डब्यातला ऐवज वजन करून त्या नोंदींशी ताडायचा, आणि किल्ल्या कोणाच्या हातून कोणाच्या हाती गेल्या ते विचारत जायचं, असं ते काम होतं.