पडद्यामागचा प्रकाशयात्री : स्वेन निक्विस्त

इंगमार बर्गमन यांच्या चित्रपटांतील चेहरे एकदा पाहिले की विसरता येत नाहीत. त्याचे श्रेय दिग्दर्शकाला आणि अभिनेत्यांना मिळते, ते योग्यच आहे. पण ‘पर्सोना’तील लिव्ह उलमान आणि बीबी अँडरसन यांच्या चेहऱ्यांवर नेमका किती प्रकाश पडावा, हे ठरविणारा माणूस कॅमेऱ्यामागे उभा होता. त्याचे नाव स्वेन निक्विस्त.

३ डिसेंबर १९२२ रोजी दक्षिण स्वीडनमधील मोहेडा या गावी त्यांचा जन्म झाला. आई-वडील ख्रिस्ती धर्मप्रचारक. त्यांचे वास्तव्य बहुतांशी काँगोमध्ये असे, त्यामुळे स्वेन यांचे बालपण नातेवाइकांकडे गेले. वडिलांना छायाचित्रणाचा छंद होता. दूरदेशी असलेल्या वडिलांचा हा छंद मुलाने पुढे आयुष्याचा व्यवसाय केला. १९४१ मध्ये स्वीडिश चित्रसृष्टीत साहाय्यक म्हणून ते दाखल झाले आणि चारच वर्षांत स्वतंत्र छायालेखक बनले.

बर्गमन यांच्याशी त्यांची गाठ पडली ती १९५३ च्या ‘सॉडस्ट अँड टिन्सेल’ या चित्रपटाच्या वेळी. तेथे ते एकमेव छायालेखक नव्हते. खरे सहकार्य जुळले १९६० च्या ‘द व्हर्जिन स्प्रिंग’पासून. मात्र निक्विस्त यांची दृष्टी घडविली ती ‘विंटर लाइट’ने (१९६३). हिवाळ्यातील एका रविवारी भर दुपारच्या काही तासांत घडणारी, श्रद्धा गमावलेल्या पाद्रीची ही कथा. चित्रीकरणापूर्वी दोघेही तासन् तास चर्चमध्ये बसून राहिले आणि प्रकाश कसा सरकतो, कसा मंदावतो, हे पाहत राहिले. ढगाळ दिवशी चर्चमध्ये ठळक सावल्या पडत नाहीत, ही साधी गोष्ट त्यांना तेथे उमगली. मग स्टुडिओतही सावली उमटू न देणारा, परावर्तित होऊन येणारा मंद प्रकाश योजणे आले. झगझगीत दिव्यांनी सौंदर्य उभे करण्याच्या तत्कालीन प्रघाताशी हे पूर्णपणे विसंगत होते. दिवे वाढविण्यापेक्षा कमी करणे अधिक अवघड असते, हे कोणताही छायालेखक सांगेल.

रंग आल्यावरही हा संयम सुटला नाही. ‘क्राइज अँड व्हिस्पर्स’मधील रक्तवर्णी भिंतींच्या पार्श्वभूमीवर मृत्युशय्येवरील स्त्रीचा फिकट चेहरा त्यांनी असा टिपला, की त्यांना ऑस्करने गौरविण्यात आले. दुसरे ऑस्कर ‘फॅनी अँड अलेक्झांडर’साठी १९८४ मध्ये मिळाले.

बर्गमन यांच्या छायेतच ते राहिले, असे मात्र नाही. हरमन हेसे यांच्या कादंबरीवर आधारलेल्या कॉनरॅड रुक्स यांच्या ‘सिद्धार्थ’साठी (१९७२) ते भारतात आले, शशी कपूर आणि सिमी गरेवाल यांच्या भूमिका असलेल्या या चित्रपटाचे चित्रीकरण हृषीकेश आणि भरतपूर परिसरात झाले. रोमान पोलान्स्की, लुई माल, बॉब फॉसी, वुडी अ‍ॅलन हे स्वभावाने भिन्न दिग्दर्शक. प्रत्येकाशी त्यांनी जुळवून घेतले. ‘स्लीपलेस इन सिअ‍ॅटल’सारखा हलकाफुलका हॉलिवूडपटही त्यांचाच!

आंद्रेई तारकोव्हस्की यांच्या ‘द सॅक्रिफाइस’ने (१९८६) मात्र कसोटी पाहिली. अखेरच्या प्रसंगात एक संपूर्ण घर जळते आणि तो प्रसंग एकाच अखंड चित्रणात घ्यायचा होता. घर पेटले, आणि ऐन वेळी कॅमेरा अडकला. गॉटलंड बेटावरचे ते घर पुन्हा उभारावे लागले आणि पुन्हा जाळावे लागले. चित्रपटात दिसते ती दुसरी आग.

दिग्दर्शक म्हणूनही त्यांनी काम केले. १९९१ चा ‘द ऑक्स’ एकोणिसाव्या शतकातील स्मालँड प्रांतातील दुष्काळावर आहे. भुकेल्या कुटुंबासाठी धन्याचा बैल मारणाऱ्या शेतमजुराची ही कहाणी. स्मालँड हा त्यांचा जन्मप्रांत. परभाषिक चित्रपटांच्या गटात त्याला ऑस्कर नामांकन लाभले. स्टेलन स्कार्सगार्ड यांच्याबरोबर लिव्ह उलमान आणि माक्स फॉन सिडो हे बर्गमन यांच्या परिवारातील कलावंतही त्यात होते.

१९९८ मध्ये त्यांना वाचाघाताचे निदान झाले आणि काम थांबले. दोन वर्षांनी त्यांचे पुत्र कार्ल-गुस्ताफ यांनी ‘लाइट कीप्स मी कंपनी’ हा त्यांच्यावरील माहितीपट पूर्ण केला. २० सप्टेंबर २००६ रोजी, वयाच्या ८३ व्या वर्षी निक्विस्त यांचे निधन झाले.