हैदराबादचे क्लोरोफॉर्म कमिशन आणि हृदयाचे भय

मलकपेठच्या टेकडीवर आसमानगढ नावाचा दगडी वाडा आहे. तो बांधणारे सर आसमान जाह हे 1887 ते 1894 या काळात निजामाचे दिवाण होते. त्यांच्याच कारकीर्दीत हैदराबादेत मानवी हृदयासंबंधी एक मोठा वाद रंगला.

क्लोरोफॉर्म 1847 मध्ये प्रचारात आले. पुढच्याच वर्षी पायाच्या बोटाचे नख काढण्यासाठी ते हुंगविलेली हॅना ग्रीनर ही पंधरा वर्षांची इंग्रज मुलगी पाहता पाहता दगावली. अशा वेळी आधी बंद पडतो तो श्वास की हृदय, यावर डॉक्टरांत दोन तट पडले. हैदराबादच्या वैद्यकीय शाळेचे प्रमुख एडवर्ड लॉरी यांचे मत ठाम होते: श्वासावर नजर ठेवा, हृदयाची चिंता नको. 1888 च्या त्यांच्या कमिशनने तसाच निर्णय दिला. विलायतेत तो पटेना, तेव्हा निजामाने एक हजार पौंड देऊन ‘लॅन्सेट’ पत्राचे प्रतिनिधी लॉडर ब्रंटन यांना 1889 मध्ये हैदराबादेस आणविले. चारशेहून अधिक मुक्या जिवांवर प्रयोग झाले, आणि निष्कर्ष तोच निघाला.

श्वास पाहण्याचा उपदेश रास्तच होता. हृदयाविषयीची ग्वाही मात्र टिकली नाही. अर्धवट गुंगीत रक्तातील अ‍ॅड्रिनॅलिन वाढले तर क्लोरोफॉर्ममुळे हृदय नुसते थरथरू लागते व रक्त पुढे ढकलीत नाही, हे गुडमन लेव्ही यांनी 1911 मध्ये दाखविले. हे द्रव्य भयानेही वाढते. म्हणजे भ्यालेला रोगीच अधिक संकटात!

क्लोरोफॉर्म आता शस्त्रक्रियागृहातून गेले आहे. ‘हृदय थांबले तर?’ हा रोग्याचा प्रश्न मात्र जुनाच आहे. झडप बदलताना सर्जन ते बहुधा मुद्दामच थांबवितात. जॉन गिबन यांनी 1953 मध्ये प्रथम यशस्वी करून दाखविलेले हृदय-फुप्फुस यंत्र तेवढा वेळ रक्त खेळते ठेवते. चिरलेले छातीचे हाड सांधण्यास दोन-तीन महिने लागतात, आणि तोवर जड ओझे उचलावयाचे नसते. पेसमेकरला इतका खटाटोप नाही. गळ्याच्या हाडाखालची जागा बधिर करून लहानसा छेद घेतात व शिरेतून तार हृदयात नेतात. रोगी पुष्कळदा जागाच असतो. तार हलू नये म्हणून पुढे काही आठवडे त्या बाजूचा हात खांद्याच्या वर नेऊ देत नाहीत. जखम लाल झाली किंवा पुन्हा घेरी आली, तर मात्र त्याच दिवशी डॉक्टरांना गाठावे.