शेकर लोकांच्या खुर्च्या आणि त्यांची गाणी

मँचेस्टर हे नाव गिरणीत घाम गाळलेल्या माणसाला नवं नाही. आमच्या जुन्या यंत्रांवर त्याच मुलखातल्या कारखान्यांची नावं ओतलेली असायची. त्या मँचेस्टरात १७३६ साली लोहाराच्या घरी अॅन ली जन्मली. पोरवयातच कापसाच्या कामाला लागली. शाळा नाही, लिहिता-वाचता येत नव्हतं. पुढे चार मुलं झाली, चारही लहानपणीच गेली.

ती ज्या ख्रिस्ती पंथात होती ते लोक प्रार्थनेत थरथरत, नाचत. म्हणून जग त्यांना हिणवून ‘शेकर’ म्हणे, म्हणजे थरथरणारे. अॅन लीने त्यापायी तुरुंग भोगला आणि १७७४ साली आठ जणांना घेऊन अमेरिका गाठली. दहा वर्षांनी ती वारली. पण तिच्या माणसांनी गावंच्या गावं उभी केली. मालमत्ता सगळ्यांची, युद्धाला नकार, आणि कारभारात बाईला पुरुषाच्या बरोबरीचा मान. सगळे भाऊ-बहीण म्हणून राहायचे, लग्न करायचं नाही.

आता कुणी विचारील, लग्नच नाही तर पंथ टिकणार कसा? बरोबर आहे. नवी माणसं येत, अनाथ पोरं सांभाळली जात, त्यावर चालायचं. एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला ते काही हजार होते. मग कारखान्याचा स्वस्त माल आला, त्यांचे हातधंदे बसले, तरुण निघून गेले. एकेक गाव बंद पडलं.

आणि गंमत बघा, माणसं कमी झाली तशी त्यांच्या खुर्च्यांची किंमत वाढली! साध्या, हलक्या, भिंतीच्या खुंटीला टांगून ठेवायच्या खुर्च्या. त्या संग्रहालयात गेल्या, लिलावात गेल्या. मॅसॅच्युसेट्समधलं हॅनकॉक गाव १९६० साली विकलं गेलं आणि त्याचं संग्रहालय झालं. तिथला १८२६ चा दगडी गोल गोठा लोक आजही बघायला जातात. ते वाईट नाही. नाहीतर गोठा पडलाच असता.

पण गाणं कुठे टांगून ठेवणार? शेकरांची हजारो गाणी. अक्षरांच्या स्वरलिपीत वह्या भरून ठेवल्या होत्या. वहीत चाल राहते, म्हणायची रीत तोंडातच राहते. ती रीत राखली मिल्ड्रेड बार्कर यांनी. बाप वारला म्हणून १९०३ साली ही पोर मेन राज्यातल्या आल्फ्रेड गावी शेकरांकडे आली. म्हाताऱ्या भगिनींची सेवा करता करता त्यांची गाणी तिच्या ओठांवर बसली. १९३१ ला आल्फ्रेड बंद झालं, मंडळी सबाथडे लेकला गेली, गाणी सोबत गेली. पुढे ती ध्वनिमुद्रित झाली, १९८३ साली सरकारी सन्मानही मिळाला. पण या बाईंना खंत एकच: लोक आम्हाला खुर्ची म्हणून लक्षात ठेवतील, आमचा धर्म विसरतील. १९९० साली त्या गेल्या.

बाकीच्या गावी नवी माणसं घ्यायचं थांबलं होतं. सबाथडे लेकने दार लावलं नाही. तिथल्या फ्रान्सेस कार २०१७ च्या जानेवारीत वारल्या तेव्हा मागे दोघंच उरली. तरी रविवारची प्रार्थना बाहेरच्यांना खुली ठेवली. येणारा बाकावर बसतो आणि सोबत गातो.