सायबरट्रॉनियन म्हणजे नेमके कोण? ट्रान्सफॉर्मर्समधल्या जिवंत धातूच्या समाजाची पूर्ण माहिती

‘ट्रान्सफॉर्मर्स’चा एखादा तरी सिनेमा तुम्ही पाहिलाच असेल. ट्रकचा ऑप्टिमस प्राइम होतो, पिवळ्या गाडीचा बम्बलबी होतो, आणि मग तासभर तोडफोड. त्या गडबडीत एक गोष्ट सुटून जाते. आपण यांना सरसकट ‘रोबोट’ म्हणतो, पण कथेत ते रोबोट नाहीत. ते जन्माला येतात, चिडतात, मैत्री करतात, म्हातारे होतात आणि मरतात. फक्त त्यांचं शरीर हाडामांसाऐवजी जिवंत धातूचं असतं. या प्रजातीला सायबरट्रॉनियन म्हणतात, कारण त्यांचा ग्रह सायबरट्रॉन.

एक आधीच सांगून ठेवतो. 1984 पासून कार्टून, कॉमिक्स, सिनेमे असं बरंच काही आलंय आणि प्रत्येकात इतिहास थोडा वेगळा आहे. त्यामुळे ‘खरी गोष्ट कोणती?’ हे विचारू नका. खाली कुठली माहिती कुठल्या मालिकेतली, ते सांगितलंय.

शरीर कसं असतं?

छातीत ‘स्पार्क’ असतो. हा त्यांचा आत्मा म्हणा. ही कल्पना 1996 च्या ‘बीस्ट वॉर्स’ मालिकेतून रुजली. पोटाला लागतं एनर्जॉन, म्हणजे त्यांचं अन्न आणि इंधन एकच. आयडीडब्ल्यू या प्रकाशनाच्या कॉमिक्समध्ये शरीराच्या या जिवंत धातूला ‘सेन्शिओ मेटॅलिको’ असं नाव आहे. मेल्यावर रंग उडून शरीर करडं पडतं. 1986 च्या ॲनिमेटेड सिनेमात ऑप्टिमसचं असंच होतं, आणि तो मेला म्हणून त्या काळची लहान मुलं थिएटरमध्ये रडली होती.

आधी खेळणं, मग जीव

ही प्रजाती कुणा लेखकाला सुचलेली नाही, ती खेळण्यांच्या डब्यातून आली. जपानच्या टाकारा कंपनीची ‘डायाक्लोन’ नावाची खेळणी होती. त्यातले रोबोट निर्जीव होते, आत इवलासा ड्रायव्हर बसून ते चालवायचा. टाकाराचीच दुसरी मालिका होती ‘मायक्रो चेंज’, ज्यात घरातल्या वस्तूंचे रोबोट व्हायचे. पहिला मेगाट्रॉन पिस्तूल आणि साउंडवेव्ह कॅसेट प्लेयर का होता, ते आता कळलं असेल.

अमेरिकेच्या हॅस्ब्रोने ही खेळणी घेतली आणि कथा लिहायचं काम मार्व्हल कॉमिक्सकडे दिलं. ऑप्टिमस प्राइम हे नाव डेनिस ओ’नील यांचं. बाकी बहुतेकांची नावं आणि स्वभाव बॉब बुडियान्स्की यांनी लिहिले. ड्रायव्हरला काढून टाकलं आणि गाडीलाच जीव दिला, सगळा खेळ इथेच बदलला. मार्व्हलच्या पहिल्या अंकात तर गंमत आहे. 40 लाख वर्षं पृथ्वीवर पडून असलेलं त्यांचं यान जागं होतं आणि आपल्या गाड्या, विमानं हेच इथले सजीव आहेत असं समजतं. म्हणून त्यांना तसे आकार मिळतात.

आकार म्हणजेच नोकरी

आता मुख्य मुद्दा. तुमचं शरीर क्रेनमध्ये बदलत असेल, तर तुम्हाला चित्रकार होता येईल का? जिवंत धातूच्या समाजात हा प्रश्न येणारच होता. पण सिनेमांनी तो बरीच वर्षं बाजूला ठेवला (मायकल बेला स्फोटांतून वेळ मिळाला नसावा).

कॉमिक्सनी मात्र तो धरला. जेम्स रॉबर्ट्स यांनी लिहिलेल्या, 2012 साली सुरू झालेल्या ‘मोअर दॅन मीट्स द आय’ मध्ये युद्धाआधीचा सायबरट्रॉन दिसतो. तिथे ‘फंक्शनिझम’ नावाची विचारसरणी आहे. तुम्ही ज्या आकारात बदलता तेच तुमचं काम आणि तीच तुमची पायरी. सूक्ष्मदर्शक असाल तर प्रयोगशाळेत जा, खोदकामाचं यंत्र असाल तर खाणीत. सगळ्यात खाली ‘डिस्पोजेबल’, म्हणजे वापरा आणि फेका वर्ग. रिवाइंड नावाचं पात्र यातलंच. तो मेमरी स्टिक होता, म्हणजे दुसऱ्यांचा डेटा वाहून न्यायचा आणि संपायचं. रंग नावाच्या पात्राचा आकार कशासाठी आहे हेच कुणाला कळत नाही, म्हणून त्याला ‘शोभेची वस्तू’ या खान्यात टाकतात.

जन्मावरूनही भेद आहे. ग्रहाच्या जमिनीतून नैसर्गिकपणे आलेले एका बाजूला आणि कारखान्यात घडवलेले दुसऱ्या बाजूला. दोघांत दिसायला फरक नाही, तरी वागणूक वेगळी. आवाज उठवला तर ‘एम्पुराटा’ ही शिक्षा. चेहरा आणि हात काढून घ्यायचे, त्या जागी एका डोळ्याचं डोकं आणि पंजे बसवायचे. शॉकवेव्हला एकच डोळा का, याचं उत्तर असं मिळतं. खेळण्याच्या डिझाइनवरून लेखकाने अख्खा अन्याय उभा केला.

आपल्याकडच्या वाचकाला हे फार समजावून सांगावं लागत नाही. जन्मावरून काम आणि कामावरून किंमत ठरवणारी व्यवस्था आपल्याला पुस्तकातून शिकावी लागलेली नाही.

म्हणूनच मेगाट्रॉन इथे नुसता व्हिलन राहत नाही. या कॉमिक्समध्ये तो खाणकामगार आहे, या व्यवस्थेविरुद्ध लेख लिहितो, आणि त्याचं म्हणणं बरोबरच असतं. पुढे तो ज्या मार्गाने जातो तो भयंकर आहे. पण डिसेप्टिकॉन पक्ष सुरू झाला तो अशा चिरडलेल्यांच्या रागातून. 2024 च्या ‘ट्रान्सफॉर्मर्स वन’ मध्येही हेच सूत्र आहे (पुढे स्पॉयलर!). ओरायन पॅक्स आणि डी-16 हे दोघे खाणीत राबतात, कारण रूप बदलायला लागणारा ‘कॉग’ त्यांच्यात जन्मतःच नाही असं त्यांना सांगितलेलं असतं. प्रत्यक्षात तो काढून घेतलेला असतो. हे कळल्यावर एक जण ऑप्टिमस होतो, दुसरा मेगाट्रॉन. राग दोघांचा सारखाच असतो.

देव आणि देवाला न मानणारी आवृत्ती

कॉमिक्समध्ये लेखक सायमन फर्मन यांनी प्रायमस हा निर्माता देव आणला. त्याचा शत्रू युनिक्रॉन, ग्रह गिळणारा ग्रह. 1986 च्या सिनेमात युनिक्रॉनला ऑर्सन वेल्स यांनी आवाज दिला होता, त्यांची ही शेवटच्या कामांपैकी एक भूमिका. जुन्या कार्टूनची कथा मात्र एकदम रोखठोक आहे. तिथे देव वगैरे नाही, क्विंटेसन नावाच्या परग्रहवासीयांनी कारखान्यात दोन प्रकारचा माल काढला, घरगुती वापराचा आणि लष्करी. पहिल्यातून ऑटोबॉट आले, दुसऱ्यातून डिसेप्टिकॉन. मालाने मालकाविरुद्ध बंड केलं, तोच त्यांचा स्वातंत्र्यलढा. मला स्वतःला ही आवृत्ती जास्त आवडते.

असा धातू खरंच असतो का?

जिवंत नाही, पण आकार बदलणारा आहे. निटिनॉल हा निकेल आणि टायटॅनियमचा मिश्रधातू वाकवून गरम केला की मूळ आकारात परत येतो. दातांच्या तारांमध्ये तो वापरतात. गॅलियम साधारण 30 अंश सेल्सिअसला वितळतो, म्हणजे तळहातावरही. 2023 साली संशोधकांनी गॅलियममध्ये चुंबकीय कण मिसळून एक छोटी बाहुली केली. ती वितळून पिंजऱ्याच्या गजांतून बाहेर आली, तो व्हिडिओ कदाचित तुम्ही पाहिला असेल. फक्त बाहेर आल्यावर तिला पुन्हा बाहुलीचा आकार साच्यात घालून माणसांनीच दिला.

कुठून सुरुवात करायची?

आधी ‘ट्रान्सफॉर्मर्स वन’ बघा, मग 2018 चा ‘बम्बलबी’. वाचायची सवय असेल तर थेट ‘मोअर दॅन मीट्स द आय’ घ्या. पहिल्या दोन-तीन अंकांत नावांचा गोंधळ होईल, तेवढा सहन करा.