स्मिता पाटील : बारा वर्षांची कारकीर्द आणि आपल्या शेजारून झालेली सुरुवात

गोंदियाहून रायपूरकडे जाणारी गाडी धरली की आमगाव, सालेकसा, दरेकसा मागे पडतं, बोगदा ओलांडला की डोंगरगड येतं आणि त्यापुढे राजनांदगाव. आपल्यापैकी कित्येकांची सोयरीक तिकडे आहे. आजचं व्याख्यान स्मिता पाटीलवर आहे, आणि तुम्ही म्हणाल, पुण्यात जन्मलेल्या आणि मुंबईत वारलेल्या नटीचा या रुळांशी काय संबंध? संबंध आहे. बेनेगलांनी तिला प्रथम कॅमेऱ्यासमोर उभं केलं ते छत्तीसगडच्या नाचातल्या कलावंतांच्या बरोबर.

तिच्यावरचं बहुतेक लिखाण मृत्यूपासून सुरू होतं. १३ डिसेंबर १९८६, वय ३१, पदरी दोन आठवड्यांचं मूल. मग मागे जाऊन प्रत्येक भूमिकेत या मृत्यूची सावली शोधायची. मला हे पटत नाही. इतिहास लिहिताना शेवट आपल्याला ठाऊक असतो, पण जगणाऱ्याला तो ठाऊक नसतो. तेव्हा आपण सरळ क्रमाने जाऊ.

जन्म १७ ऑक्टोबर १९५५. वडील शिवाजीराव गिरधर पाटील खानदेशातले, राजकारणात, पुढे मंत्री झाले. आई विद्याताई समाजकार्यात. घरात राष्ट्र सेवा दलाचं वातावरण. २ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं आणि तिथे स्मिता मराठी बातम्या वाचू लागली. जीन्सवरच साडी गुंडाळून ती कॅमेऱ्यासमोर बसायची, ही गोष्ट तुम्ही ऐकलीच असेल. १९७४ मध्ये पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये अरुण खोपकरांनी 'तीव्र मध्यम' हा विद्यार्थी-चित्रपट केला, त्यात ती होती. आणि मग श्याम बेनेगलांनी तिला बोलावलं.

कशासाठी? 'चरणदास चोर'साठी. मूळ कथा विजयदान देथांची, राजस्थानातली. हबीब तन्वीरांनी, म्हणजे रायपूरच्याच माणसाने, तिचं छत्तीसगडी नाटक केलं. बेनेगलांनी चिल्ड्रन्स फिल्म सोसायटीसाठी १९७५ मध्ये त्यावर चित्रपट काढला. चरणदास झाला लालूराम, सोबत मदनलाल. राजनांदगावकडच्या नाचा पार्ट्यांतून नाव कमावलेली ही माणसं. आपल्याकडे धान घरात आलं की मंडई भरते, दंडार होते, झाडीपट्टीचं नाटक रात्रभर चालतं; तिकडे तसाच नाचा. एक जोक्कर, एक परी, परीचं काम पुरुषानेच करायचं, आणि समोर पहाटेपर्यंत बसलेलं गाव. अशा गावाला रात्रभर धरून ठेवणारे हे नट. त्यांच्यासमोर राजकुमारी म्हणून उभी राहिली एकोणीस वर्षांची शहरी मुलगी. नाटकाची तालीम नाही, अभिनयाचं शिक्षण नाही, फक्त बातम्या वाचलेल्या.

ती तिथे काय शिकली हे कोणी लिहून ठेवलेलं नाही. पण पुढची वर्षं पाहा. 'मंथन'च्या वेळची एक गोष्ट बेनेगल सांगत. चित्रीकरण गुजरातेतल्या खेड्यात चाललं होतं. बघायला आलेल्या पोरांनी विचारलं, हिरोइन कुठाय? गावातल्या बायकांच्या घोळक्यात बसलेल्या स्मिताकडे बोट दाखवलं, तर पोरांना पटेना. सावळा रंग हे एवढंच त्याचं कारण नाही. ती बसली कशी होती, पदर कसा घेतला होता, हे कारण आहे. नट बोलण्यावरून जितका ओळखू येतो, तितकाच तो स्वस्थ बसलेला असताना ओळखू येतो. हे माझं मत, पटलं तर घ्या.

आता पैशाकडे येऊ, कारण त्याशिवाय या सिनेमाचा इतिहास कळत नाही. 'मंथन'चे निर्माते कोण? गुजरातचे पाच लाख दूध-उत्पादक, प्रत्येकी दोन रुपये देणारे. १९७६ साली दहा लाखांत चित्रपट झाला, आणि मग हेच शेतकरी ट्रक भरभरून तो बघायला आले. हे एक अपवादात्मक उदाहरण. एरवी या प्रकारचे बरेच चित्रपट फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या, म्हणजे सरकारी कर्जावर उभे राहत. कर्ज मिळे, पण टॉकीज मिळत नसे. मोठ्या शहरात सकाळचा एखादा खेळ, महोत्सवात टाळ्या आणि डबा परत. झाडीपट्टीच्या नाटकवाल्याला हे ऐकून हसू येईल. त्याचं नाटक आधी तिकिटावर विकलं जातं, कौतुक मागाहून.

'भूमिका' १९७७ ची, हंसा वाडकरांच्या 'सांगत्ये ऐका'वरून. कोवळ्या मुलीपासून थकलेल्या बाईपर्यंतचं अख्खं आयुष्य तिने बाविशीच्या आत उभं केलं आणि राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. त्याच वर्षी जब्बार पटेलांच्या 'जैत रे जैत'मध्ये ठाकरांची चिंधी. म्हणजे सगळं सुरळीत चाललंय असं वाटतं ना? नव्हतं. तिनेच पुढे मुलाखतीत सांगितलंय की सुमारे पाच वर्षं तिने धंदेवाईक सिनेमाच्या मागण्या नाकारल्या. पण १९७७-७८ च्या सुमारास छोट्या सिनेमाला जरा बरे दिवस येताच त्याला मोठी नावं हवीशी झाली, आणि एक-दोन चित्रपटांतून तिलाच वगळण्यात आलं. हे तिच्या मनाला फार लागलं.

इथे मला थांबावंसं वाटतं. 'नमक हलाल', 'शक्ती' तिने का केले, असा प्रश्न आपल्याकडे अजून थोड्या तक्रारीच्या सुरात विचारतात. जणू बाटलीच ती! पण ज्यांच्यासाठी तिने मोठे पैसे सोडले, त्यांनीच नावाच्या हिशेबात तिला बाजूला केलं होतं. मग नाव कमवायला ती गेली. आणि गेल्यावर इकडचं काम सोडलं का? एकट्या १९८२ कडे पाहा : 'नमक हलाल' आणि 'शक्ती'च्या बरोबरीने 'बाजार', 'अर्थ' आणि 'उंबरठा'. शांता निसळांच्या 'बेघर' कादंबरीवरचा 'उंबरठा' जब्बार पटेलांनी मराठीबरोबर हिंदीतही केला, 'सुबह' नावाने. बाजार दोन्हीकडे होता, हेही विसरू नका. 'चक्र' हा झोपडपट्टीवरचा गंभीर चित्रपट, तिला दुसरा राष्ट्रीय पुरस्कार देणारा. त्याच्या पोस्टरवर काय लावलं? तिचं अंघोळीचं दृश्य. ती त्यावर चिडून बोललेली आहे.

मराठी, हिंदीखेरीज गुजरातीत 'भवनी भवाई', बंगालीत मृणाल सेनांचा 'आकालेर संधाने', मल्याळममध्ये अरविंदनांचा 'चिदंबरम'. एकूण सुमारे ८० चित्रपट. त्यातला एक पुन्हा आपल्या शेजारचा आहे. १९८१ मध्ये सत्यजित राय यांनी प्रेमचंदांच्या कथेवर 'सद्गती' केला तो रायपूरच्या बाजूच्या खेड्यात. ओम पुरी दुखी, स्मिता त्याची बायको झुरिया. तापात लाकूड फोडून दुखी मरतो, आणि झुरिया भर पावसात पंडिताच्या दारात आक्रोश करते. जेमतेम तासाभराचा चित्रपट, दूरदर्शनसाठी केलेला. जिथे ती बातम्या वाचत होती, त्याच दूरदर्शनवरून ऐंशीच्या दशकात हे चित्रपट छोट्या गावांत पोचले. टॉकीजला जे जमलं नाही ते शेजाऱ्याच्या घरच्या टीव्हीने केलं.

१९८५ मध्ये पद्मश्री. २८ नोव्हेंबर १९८६ ला मुलगा झाला, बाळंतपणानंतर ती आजारी पडली आणि सावरली नाही. 'मिर्च मसाला' पडद्यावर आला १९८७ मध्ये, ती गेल्यावर. त्याची शेवटची चौकट सोनबाईच्या हातातल्या विळ्याची आहे.

मला शेवटी एक विनंती करायची आहे. तिचा सिनेमा बघायचा तर लोक 'मिर्च मसाला' किंवा 'उंबरठा' लावतात, आणि ते ठीकच आहे. तुम्ही मात्र 'चरणदास चोर' आधी लावा. तिच्याकडे बघाच, पण तिच्या समोरच्या लालूरामकडेही बघा. तो बोलतो ती बोली तुम्हाला समजेल. पुण्या-मुंबईच्या प्रेक्षकाला त्यासाठी धडपडावं लागतं.

बरं, आता प्रश्न असतील तर घेऊ.